प्यूमा : नावे अनेक, रंग एक

कॅनडाच्या वायव्येकडील युकॉन प्रांतातील हिमाच्छादित अरण्यापासून दक्षिण अमेरिकेच्या टोकाजवळील मॅगेलन सामुद्रधुनीपर्यंत, म्हणजे जवळजवळ संपूर्ण पश्चिम गोलार्धात, मार्जार कुळातील एक प्राणी आढळतो. पश्चिम गोलार्धातील अन्य कोणत्याही वन्य भूचर सस्तन प्राण्याचा वावर एवढ्या विस्तीर्ण प्रदेशात नाही. रॉकी आणि अँडीज पर्वतांच्या रांगा, अ‍ॅरिझोनाचे वाळवंट, अ‍ॅमेझॉनचे वर्षावन, फ्लोरिडाची दलदल आणि पॅटागोनियाचा वाऱ्याने झोडपलेला माळ, या साऱ्या ठिकाणी तो सारख्याच सहजतेने राहतो. तरीही या प्रदेशात जन्म काढलेल्या बहुसंख्य माणसांनी त्याला कधी प्रत्यक्ष पाहिलेले नसते. हा प्राणी म्हणजे प्यूमा.

एकाच प्राण्याला मिळालेल्या नावांच्या संख्येत प्यूमाचा हात धरणारा प्राणी विरळाच. इंग्रजीतच त्याला कूगर, प्यूमा, माउंटन लायन, पँथर, कॅटामाउंट अशी चाळीसहून अधिक नावे आहेत. 'प्यूमा' हा शब्द इंका साम्राज्याच्या केचुआ भाषेतून आला. 'कूगर' हे नाव ब्राझीलमधील तुपी भाषेतील एका शब्दावरून पोर्तुगीज व फ्रेंच भाषांमार्गे इंग्रजीत पोहोचले. त्या मूळ शब्दाचा अर्थ 'हरणासारखा', अर्थात हरणाच्या रंगाचा, असा होता. स्वीडिश शास्त्रज्ञ लिनियस याने १७७१ मध्ये त्याचे शास्त्रीय नामकरण करताना 'कॉनकलर', म्हणजे एकरंगी, हे विशेषण वापरले. आज त्याचे शास्त्रीय नाव 'प्यूमा कॉनकलर' असे आहे. मराठी वाचकांनी एक घोटाळा मात्र टाळायला हवा. आपल्याकडे 'पँथर' म्हटले की बिबळ्या किंवा काळा बिबळ्या डोळ्यांसमोर येतो. अमेरिकेतील 'फ्लोरिडा पँथर' हा बिबळ्या नसून प्यूमाच आहे. आणि काळ्या रंगाच्या प्यूमाची आजवर एकही खात्रीशीर नोंद झालेली नाही.

मोठा, तरीही 'छोट्या मांजरांतला'

आकारमानाचा विचार केल्यास वाघ, सिंह आणि जॅग्वार यांच्यानंतर प्यूमाचा क्रमांक लागतो. पूर्ण वाढलेल्या नराचे वजन साधारणतः ५३ ते १०० किलो, तर मादीचे २९ ते ६४ किलो असते. नाकाच्या टोकापासून शेपटीच्या टोकापर्यंत नराची लांबी सरासरी २.४ मीटर भरते. विषुववृत्ताजवळचे प्यूमे आकाराने लहान असतात आणि ध्रुवांच्या दिशेने जावे तसतसे ते मोठे होत जातात.

एवढा मोठा असूनही प्राणिशास्त्रज्ञ त्याची गणना वाघ-सिंहांच्या उपकुळात करीत नाहीत. घरातले मांजर ज्या उपकुळात मोडते, त्याच उपकुळात प्यूमाही मोडतो. वाघ, सिंह, बिबळ्या आणि जॅग्वार यांच्या कंठाची विशिष्ट रचना त्यांना डरकाळी फोडू देते. प्यूमाला ती देणगी नाही. तो मांजरासारखा घुरघुरतो, गुरगुरतो, फिसकारतो आणि पक्ष्यासारखी शीळही घालतो. विणीच्या काळात मादी मात्र अशी किंकाळी फोडते, की रानात मुक्काम केलेल्या माणसाच्या अंगावर काटा यावा. त्याच्या जवळच्या नातलगांत एक नाव आपल्या चांगल्या परिचयाचे आहे. जॅग्वारुंडी हे अमेरिकेतील लहानसे रानमांजर आणि चित्ता हे दोघे प्यूमाचे सर्वांत निकटचे आप्त आहेत. सप्टेंबर २०२२ मध्ये मध्य प्रदेशातील कुनोच्या जंगलात नामिबियातून आणून सोडलेले चित्ते वंशावळीच्या दृष्टीने वाघ-बिबळ्यांपेक्षा प्यूमाला अधिक जवळचे आहेत.

प्यूमाचे मागचे पाय शरीराच्या मानाने अत्यंत लांब व बळकट असतात. मार्जार कुळात या बाबतीत त्याची बरोबरी क्वचितच कोणी करू शकेल. या पायांच्या जोरावर तो जागच्या जागी सुमारे साडेपाच मीटर उंच उडी मारू शकतो. लांबलचक, जाड शेपूट कड्याकपारींवरून धावताना त्याचा तोल सांभाळते. दूरवर पाठलाग करण्याचा दम मात्र त्याच्याकडे नाही. त्यामुळे त्याची शिकारीची सारी पद्धत दबा धरण्यावर बेतलेली आहे. झुडपांच्या किंवा खडकांच्या आडोशाने तो भक्ष्याच्या शक्य तितक्या जवळ सरकतो, मोजक्या झेपांत त्याला गाठतो आणि मानेचा वा गळ्याचा चावा घेऊन ठार करतो.

उत्तर अमेरिकेत विविध जातींची हरणे हे त्याचे मुख्य अन्न, तर पॅटागोनियात ती जागा उंटाच्या कुळातील ग्वानाको हा प्राणी घेतो. परंतु प्यूमा खाण्याच्या बाबतीत चोखंदळ नाही. डोंगरी मेंढ्या, साळिंदर, ससे, कॅपिबारा, पक्षी, प्रसंगी कीटकसुद्धा त्याला चालतात. मोठी शिकार एका बैठकीत संपत नाही. मग तो ती ओढत आडोशाला नेतो, पालापाचोळा, माती किंवा बर्फ लोटून झाकतो आणि पुढचे काही दिवस परत परत येऊन खातो. साधारण आठवड्या-दीड आठवड्याला एक हरीण, असा मोठ्या प्यूमाच्या शिकारीचा ढोबळ हिशेब सांगता येतो.

एकांतप्रिय, पण पूर्णतः एकाकी नव्हे

प्यूमा एकटा राहतो. प्रत्येक नराचा स्वतंत्र मुलूख असतो. भक्ष्याच्या विपुलतेनुसार त्याचा विस्तार काही दशक चौरस किलोमीटरपासून हजार चौरस किलोमीटरपर्यंत असू शकतो. नराच्या मुलुखात अनेक माद्यांचे लहान मुलूख सामावलेले असतात, मात्र दुसऱ्या प्रौढ नराला तेथे थारा नसतो. मागच्या पायांनी माती उकरून त्यावर मूत्र टाकून हद्दीची खूण केली जाते.

मादी वर्षातील कोणत्याही ऋतूत वीत असली, तरी गर्भकाळ ठरलेला, सुमारे ९१ दिवसांचा असतो. एका वेळी बहुधा दोन ते तीन पिल्ले होतात. 'एकरंगी' म्हणवणाऱ्या या प्राण्याची पिल्ले जन्मतः ठिपकेदार व निळ्या डोळ्यांची असतात. वय वाढेल तसे ठिपके पुसट होत जातात. त्यांच्या संगोपनाचा संपूर्ण भार एकट्या आईवर असतो आणि दीड ते दोन वर्षे ती पिल्लांना सोबत ठेवते. परका नर अनेकदा पिल्ले मारून टाकतो. त्यामुळे मुलुखात एखादा प्रस्थापित नर दीर्घकाळ टिकून असणे हेच पिल्लांचे खरे संरक्षण ठरते. हा मुद्दा पुढे पुन्हा उपयोगी पडणार आहे.

प्यूमाच्या एकलकोंडेपणाविषयीचा समज अलीकडे थोडा बदलला आहे. मार्क एल्ब्रोक आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी अमेरिकेतील वायोमिंग राज्यात रेडिओ कॉलर व स्वयंचलित कॅमेऱ्यांच्या साहाय्याने केलेले संशोधन २०१७ मध्ये प्रसिद्ध झाले. त्यात असे दिसले की प्यूमे एकमेकांना शिकारीवर वाटा देतात, आणि ज्याने आधी वाटा दिला त्याला पुढे तो परत मिळण्याची शक्यता अधिक असते. हे नातेसंबंध बहुतांशी एकाच नराच्या मुलुखातील प्राण्यांमध्ये जुळतात. रक्ताच्या नात्यापेक्षा देवाणघेवाणीला त्यात अधिक महत्त्व असल्याचे आढळले. अर्जेंटिनातील मोंते लेऑन राष्ट्रीय उद्यानात तर मेंढीपालन बंद झाल्यावर परतलेले प्यूमे किनाऱ्यावरील मॅगेलन पेंग्विनच्या वसाहतींवर ताव मारू लागले आहेत.

एका शिकारीवर पोसलेले जग

निसर्गाच्या व्यवहारात प्यूमाचे स्थान काय, याचे उत्तर त्याने मारलेल्या हरणाच्या सांगाड्याभोवती सापडते. यलोस्टोनच्या परिसरात एल्ब्रोक यांच्या गटाने प्यूमाने केलेल्या २४२ शिकारींवर कॅमेऱ्यांनी नजर ठेवली. त्या मांसावर पक्षी आणि सस्तन प्राण्यांच्या ३९ जाती येऊन गेल्या. अस्वल, कोल्हा आणि गरुडापासून ते खारी व चिमुकल्या पक्ष्यांपर्यंत सारे त्यात होते. पुढे २०१९ मध्ये याच प्रदेशातील अवघ्या १८ शिकारींभोवती भुंगेऱ्यांच्या २१५ जाती मोजण्यात आल्या. यांतील कित्येक कीटकांचे आयुष्य अशा मृतदेहांवर अवलंबून असते. शिल्लक राहिलेले अवशेष मातीत मिसळतात आणि त्या जागेचा कस वाढवतात. २०२२ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका आढाव्यात, तोवरचे शास्त्रीय साहित्य चाळून, प्यूमाचा ४८५ अन्य जातींशी या ना त्या प्रकारे संबंध येत असल्याची नोंद करण्यात आली.

दुसरा परिणाम वनस्पतींवर होतो. युटा राज्यातील झायन राष्ट्रीय उद्यान याचे बोलके उदाहरण आहे. पर्यटकांच्या वर्दळीमुळे झायनच्या मुख्य दरीतून प्यूमाने काढता पाय घेतला. तेथे हरणांची संख्या वाढली. हरणांनी नदीकाठच्या कॉटनवूड वृक्षांची कोवळी रोपे फस्त केली. जुनी झाडे उभी राहिली, पण नवी पिढी वर येईना. काठ उघडे पडून त्यांची धूप होऊ लागली. शेजारच्या नॉर्थ क्रीकच्या खोऱ्यात प्यूमा टिकून होता, आणि तेथे रोपे, रानफुले, बेडूक, फुलपाखरे या सर्वांची स्थिती पुष्कळच चांगली होती. विल्यम रिपल आणि रॉबर्ट बेश्टा या शास्त्रज्ञांनी २००६ मध्ये ही तुलना मांडली.

प्यूमा आजारी प्राण्यांना अधिक प्रमाणात टिपतो असेही दिसते. कोलोरॅडोमध्ये हरणांच्या मेंदूला ग्रासणाऱ्या एका असाध्य रोगाची लागण झालेली हरणे प्यूमाच्या तावडीत तुलनेने जास्त सापडत असल्याचे २०१० च्या अभ्यासात आढळले. त्याचे लाभ थेट माणसापर्यंतही पोहोचतात. अमेरिकेच्या पूर्व भागात प्यूमा नाहीसा झाल्याने हरणांची बेसुमार वाढ झाली असून, रस्त्यांवर हरणे आडवी येऊन होणारे अपघात ही तेथील मोठी समस्या आहे. २०१६ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासाचा अंदाज असा, की प्यूमा तेथे परतला तर ३० वर्षांत असे अपघात २२ टक्क्यांनी घटतील आणि सुमारे १५५ माणसांचे प्राण वाचतील.

ही राजेशाही मात्र निर्वेध नाही. लांडग्यांचा कळप किंवा अस्वल आले की प्यूमा आपली शिकार सोडून निमूट बाजूला होतो. १९९५-९६ मध्ये यलोस्टोनमध्ये लांडगे पुन्हा आणून सोडल्यानंतर प्यूमाला खडकाळ, दुर्गम भागाचा अधिक आश्रय घ्यावा लागला. हिसकावल्या गेलेल्या शिकारीची भरपाई नव्या शिकारीने करावी लागते, हे ओघाने आलेच.

माणसाची धास्ती

प्यूमाला सर्वाधिक भीती वाटते ती माणसाची. कॅलिफोर्नियातील सांताक्रूझच्या डोंगरात संशोधकांनी प्यूमाच्या शिकारीजवळ ध्वनिवर्धक बसवून माणसांच्या बोलण्याचे आवाज ऐकवले. बहुतेक वेळा प्यूमा तत्काळ पळून गेला, आणि त्याचा खाण्याचा वेळ निम्म्याहून कमी झाला. तुलनेसाठी ऐकवलेल्या बेडकांच्या आवाजाचा मात्र त्याच्यावर फारसा परिणाम झाला नाही. याच भागातील २०१५ च्या अभ्यासानुसार दाट वस्तीजवळ राहणाऱ्या माद्यांना ३६ टक्के अधिक हरणे मारावी लागतात. कारण धास्तीने अर्धवट टाकलेली शिकार वाया जाते आणि पिल्लांचे पोट तर भरायचे असते.

माणसावरील हल्ले अत्यंत दुर्मिळ आहेत. उत्तर अमेरिकेत गेल्या सव्वाशे वर्षांत प्यूमाच्या हल्ल्यात मृत्युमुखी पडलेल्यांची संख्या तीसच्या आसपास आहे. कुत्रे, मधमाश्या वा विजा यांनी होणाऱ्या मृत्यूंशी तिची तुलनाच होऊ शकत नाही. समोरासमोर गाठ पडलीच तर पळू नये, पाठ फिरवू नये, लहान मुलांना उचलून घ्यावे, हात उंचावून आपण मोठे आहोत असे भासवावे, मोठ्याने बोलावे आणि हल्ला झालाच तर प्रतिकार करावा, असा तेथील वनाधिकाऱ्यांचा सल्ला असतो.

माणसाने मात्र प्यूमाला मारण्यात कधी हयगय केली नाही. युरोपीय वसाहतकारांनी मेंढ्या व गुरांचा शत्रू म्हणून त्याच्यावर इनामे लावली. कॅलिफोर्नियात १९०७ ते १९६३ या काळात प्यूमा मारणाऱ्यास सरकारी बक्षीस मिळत असे. विसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत अमेरिकेच्या पूर्वार्धातून, फ्लोरिडाचा अपवाद वगळता, तो नामशेष झाला. २०११ च्या मार्च महिन्यात तेथील वन्यजीव खात्याने 'पूर्वेकडील कूगर' लुप्त झाल्याचा निष्कर्ष जाहीर केला. योगायोग असा, की त्याच वर्षी जून महिन्यात कनेटिकट राज्यात एका मोटारीखाली एक तरुण नर प्यूमा मरण पावला. त्याच्या डीएनए चाचणीवरून तो साउथ डाकोटातील ब्लॅक हिल्सच्या वंशातला असल्याचे सिद्ध झाले. मादी आणि मुलूख यांच्या शोधात तो दोन हजार चारशे किलोमीटरहून अधिक अंतर चालून आला होता. त्याला वाटेत अन्न मिळाले, आडोसा मिळाला. मादी मात्र कुठेही नव्हती. माद्या सहसा जन्मस्थानापासून फार दूर जात नाहीत, त्यामुळे नर कितीही भटकले तरी पूर्वेकडे नवी वसाहत उभी राहणे कठीण जाते.

रक्त आटत चाललेल्या वसाहती

एखादी वसाहत चहूबाजूंनी तुटली की काय होते, ते फ्लोरिडाने दाखवून दिले. १९६७ मध्ये संकटग्रस्त ठरलेले फ्लोरिडा पँथर १९९० च्या दशकाच्या प्रारंभी अवघे २० ते ३० उरले होते. जवळच्या नात्यातील संकरामुळे वाकड्या शेपट्या, हृदयातील छिद्रे आणि नरांमधील प्रजननदोष बळावले होते. अखेर १९९५ मध्ये टेक्सासमधून आठ माद्या आणून तेथे सोडण्यात आल्या. त्यांपैकी पाच माद्यांना पिल्ले झाली आणि नव्या रक्ताने वसाहत सावरली. आज तेथील प्रौढ पँथरांची संख्या १२० ते २३० च्या दरम्यान मानली जाते. परंतु आता त्यांच्या मृत्यूचे प्रमुख कारण भरधाव मोटारी हे आहे. महामार्गांखालून काढलेले भुयारी मार्ग आणि दुतर्फा कुंपणे जेथे आहेत तेथे हे मृत्यू बरेच कमी झाले आहेत. अडचण एवढीच, की रस्ते व वसाहती त्याहून वेगाने वाढत आहेत.

हीच कथा लॉस एंजेलिसच्या डोंगरांतही घडते आहे. 'पी-२२' या क्रमांकाने जगाला परिचित झालेला नर दोन अजस्र महामार्ग ओलांडून ग्रिफिथ पार्क या नागरी उद्यानात येऊन पोहोचला आणि २०१२ मध्ये स्वयंचलित कॅमेऱ्यात टिपला गेला. हॉलिवूडच्या पाटीखालून चालत जाणारे त्याचे छायाचित्र २०१३ मध्ये 'नॅशनल जिओग्राफिक'मध्ये झळकले. उद्यानाचे क्षेत्र जेमतेम १७ चौरस किलोमीटर. एका नराच्या नेहमीच्या मुलुखाच्या मानाने ते नगण्यच. तेथे त्याने दहा वर्षे काढली, पण त्याला जोडीदारीण कधी मिळाली नाही. २०१४ मध्ये उंदरांच्या विषाचा अंश शरीरात गेल्याचे आणि खरजेने तो ग्रासल्याचे आढळले. अपघाताची इजा आणि जडलेले आजार यांमुळे १७ डिसेंबर २०२२ रोजी त्याला दयामरण देण्यात आले. त्या प्रसिद्धीचा एक परिणाम झाला. २०२० मध्ये कॅलिफोर्नियाने उंदीर मारण्याच्या जहाल विषांवर निर्बंध घातले आणि एप्रिल २०२२ मध्ये लॉस एंजेलिसजवळ दहा पदरी महामार्गावर वन्यप्राण्यांसाठी झाडोऱ्याने झाकलेला पूल बांधण्यास प्रारंभ झाला.

महानगराच्या हद्दीत मोठे मार्जार नांदणारी दोन शहरे म्हणून लॉस एंजेलिस आणि मुंबई यांची नावे नेहमी एकत्र घेतली जातात. बोरिवलीच्या राष्ट्रीय उद्यानातील बिबळे आणि सांता मोनिका डोंगरातील प्यूमे यांच्यापुढचे प्रश्न बरेचसे सारखे आहेत. तुटलेले जंगल आणि मध्ये आडवे आलेले रस्ते दोन्हीकडे आहेत.

मारून प्रश्न सुटतो का?

अमेरिकेच्या पश्चिमेकडील बहुतेक राज्यांत आजही प्यूमाची शिकार कायदेशीर आहे. कॅलिफोर्नियाने १९९० मध्ये सार्वमताने हौशी शिकारीवर बंदी घातली. कोलोरॅडोमध्ये तशाच बंदीचा प्रस्ताव नोव्हेंबर २०२४ मध्ये मतदारांनी फेटाळला. शिकारीच्या समर्थकांचा युक्तिवाद असा, की प्यूमे कमी केले तर पाळीव जनावरांवरील हल्ले कमी होतील. वॉशिंग्टन राज्यातील नोंदींवर आधारित २०१३ चा अभ्यास याच्या नेमका उलट निघाला. ज्या भागात आदल्या वर्षी अधिक प्यूमे मारले गेले, तेथे पुढील वर्षी तक्रारी व जनावरांवरील हल्ले वाढलेले आढळले. प्रस्थापित नर मारला गेला की रिकाम्या मुलुखावर हक्क सांगायला अननुभवी तरुण नर धाव घेतात. पिल्ले मारली जातात, माद्या बिथरतात आणि हे तरुण नर सोपे भक्ष्य शोधत गोठ्यापर्यंत येतात. जुन्नर परिसरातील बिबळे पकडून अन्यत्र सोडल्यानंतर हल्ले कमी होण्याऐवजी वाढले, हे विद्या अत्रेय व सहकाऱ्यांनी २०११ मध्ये दाखवून दिले होते. प्राणी निराळा, खंड निराळा; पण मुलूख आणि धनी यांचे गणित तेच.

मेंढपाळाचे नुकसान खरे असते आणि ते नाकारण्यात अर्थ नाही. मात्र रात्री जनावरे बंदिस्त आवारात ठेवणे, राखणीची कुत्री पाळणे, योग्य ठिकाणी कुंपण घालणे हे उपाय बंदुकीहून अधिक टिकाऊ ठरतात, असा अनुभव आहे.

आंतरराष्ट्रीय निसर्ग संवर्धन संघाच्या सूचीत प्यूमा आज 'किमान चिंता' या वर्गात आहे; त्याच नोंदीत त्याची संख्या घटत असल्याचेही म्हटले आहे. सुमारे दहा हजार वर्षांपूर्वी, हिमयुगाच्या अखेरीस अनेक मोठे सस्तन प्राणी नष्ट झाले तेव्हा उत्तर अमेरिकेतून प्यूमाही नाहीसा झाला असावा आणि दक्षिणेकडून आलेल्या मोजक्या प्राण्यांनी ते खंड पुन्हा व्यापले असावे, असे जनुकीय पुरावे सुचवतात. म्हणजे वाट मोकळी असेल तर हा प्राणी अख्खे खंड पुन्हा वसवू शकतो. ती वाट मोकळी ठेवायची की नाही, एवढाच निर्णय आता माणसाच्या हाती आहे.